पखवाजाची कणीक

देव ऐकतो तरी का, असं मला त्या दिवसांत सारखं वाटायचं. गोदाकाठच्या आमच्या शेजारगावात पुराचं पाणी धान्याच्या पेवांत शिरलं आणि जमिनीखाली जपलेलं सगळं बियाणं कुजून गेलं. पेरणी तर तोंडावर आलेली. निजामसरकारच्या कचेरीत चकरा मारून गावकरी थकले. शेवटी आमच्या भजनी मंडळानं त्यांच्याच देवळात भजन ठरवलं. आसपासच्या गावांनी शाळूचं, म्हणजे रब्बीच्या ज्वारीचं, बियाणं बांधून आणायचं आणि भजन मनाला भिडलं की देवापुढं ओतायचं.

पखवाज माझ्याकडं. त्याच्या डाव्या तोंडाला गव्हाची ओली कणीक थापल्याशिवाय तो घुमत नाही, आणि ही कणीक यजमान गावानं द्यायची असा आमच्याकडचा रिवाज. देऊळ माणसांनी भरलं, तेव्हा कुठं माझ्या डोक्यात प्रकाश पडला. अरे देवा, यांचे गहूसुद्धा त्याच पेवांत होते! कुणाच्या तरी घरात उरलेलं मूठभर ज्वारीचं पीठ भिजवून थापून पाहिलं, तर पहिल्या थापेला त्याचे पोपडे उडाले. आमचे बुवा गाता गाता थांबले.

"पखवाज हाय का रिकामा डबा, बे?"

लोक हसले. मागची काही माणसं तर गाठोडी उचलून उठायलाच लागली. मला रडू कोसळायचंच बाकी होतं. देवाकडं बघून मनात म्हणालो, मी हात टेकले, आता तूच बघ.

तेवढ्यात मेंढरं बाहेर थांबवून एक धनगराची म्हातारी आत आली. हातात फडक्यानं झाकलेली ताटली.

"कावून थांबलं भजन?"

मी सांगितलं. तिनं फडकं काढलं, तर आत मळलेली कणीक!

"देवाला दिवे करायला आनलीया. घे."

"आजी, मग तुमचे दिवे?"

"ते देव बघंल. तू वाजव की!"

वाजवलं! असा पखवाज मी जन्मात वाजवला नव्हता. बुवा उठून नाचायला लागले, त्यांच्यामागं सगळं देऊळ नाचलं. गाठोडी सुटत गेली. शाळूची रास एवढी वाढली की आम्हाला मागं सरकून बसावं लागलं. आनंदानं माझे डोळे वाहत होते आणि मी ते पुसतही नव्हतो.

भजन संपल्यावर मी कणीक खरवडून काढली, तसा म्हातारीनं हात पुढं केला. पाणी लावून तिनं ती पुन्हा मळली, दिवा केला आणि बियाण्याच्या राशीवर ठेवून लावला.

"लई ग्वाड वाजवलंस," म्हणाली, आणि मेंढरांमागं निघून गेली.

त्या बियाण्यावर गावाची पेरणी झाली. तेव्हापासून पखवाजाची कणीक मी कधी टाकत नाही. तिचा दिवा करतो, देवापुढं लावतो आणि म्हणतो, तूच बघ.