रविवारी तुम्हाला कापतो

निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, तरी कुणी ‘कापतो’ म्हणालं की ते प्रकरण डोळ्यांपुढे उभं राहतं. शिरूर आणि दौंड या दोन तालुक्यांत माझी पोलिसातली निम्मी नोकरी झाली. त्यातलं गाव कुठलं ते सांगत नाही. माणसं अजून हयात आहेत.

मेंढरं राखणाऱ्या घरातला तो माणूस. चराईची रानं उसाखाली गेली, तशी त्यानं मेंढरं विकली आणि आठवडे बाजारात ताडपत्रीखाली मटण विकायला बसला. तपासणीवाले आले की माल उचलून नेत. मग घरात म्हातारी आई, बायको, दोन मुली सगळ्यांचेच हाल. शेवटी त्यानं गाळा भाड्यानं घेतला आणि परवान्याचा अर्ज केला. अर्ज पडून राहिला, गाळा बंद. दिवाळीपर्यंत उघडला नाही तर दुसऱ्याला देईन, असं गाळामालकानं बजावलं होतं.

ठाण्यात आधी निनावी फोन आला, की मटणवाला सुरी घेऊन परवान्याच्या हापिसाभोवती फिरतो. पाठोपाठ परवाना खात्याच्या अधिकाऱ्याचा तक्रारी अर्ज आला: ‘रविवारी तुम्हाला कापतो’ अशी धमकी दिली. वरून विचारणा सुरू झाली, अटक कधी?

मी त्याला बोलावून घेतलं.

“काय म्हणालात त्यांना?”

“आईतवारी तुमाला कापतो म्हणलो.”

जमादार टाचा उंचावून बघायला लागला. इतकी सरळ कबुली आमच्या ठाण्यात कधी मिळाली नव्हती.

“कबूल आहे?”

“त्यात कबूल काय करायचं सायेब? सारखं जातोय, काम होईना. म्हणलं, या बाजाराला, चांगलं बोकड हाय, तुमाला कापतो.”

दाराशी त्याची बायको उभी होती. ती म्हणाली, “सायेब, त्ये न्हाई बी म्हनंनात आन् व्हय बी म्हनंनात. न्हाई म्हनले असते तर आमी दुसरं कायतरी बघितलं असतं.”

त्याला घरी पाठवलं, पण मला चैन पडेना. पकडला गेल्यावर शब्दाचा अर्थ फिरवणारे मी पुष्कळ पाहिले होते. सोडावं आणि उद्या खरंच काही घडलं तर? रविवारी साध्या कपड्यांत बाजारात गेलो. त्याच्या ताडपत्रीपुढे गर्दी होती. एक म्हातारा कुरकुरत होता.

“आबा, दम धरा की. तुमालाच कापतोय.”

“मला काप, पर हाडं कमी घाल. मागल्या बारीला नुस्ती नळी दिलीस.”

लोक हसले. मी मात्र तिथून तडक निघालो.

सोमवारी अधिकाऱ्याचा जबाब घ्यायला गेलो.

“साहेब, आपण कुठले?”

“इथलाच. पलीकडच्या गावचा.”

“रविवारी मटण आणता?”

“आणतो की.”

“मग दुकानदार काय म्हणतो तुम्हाला?”

ते पंख्याकडे बघायला लागले. मी विचारलं, अर्जात धमकी महिन्यापूर्वीची लिहिलीय, मग तक्रार आत्ता का? कारण त्यांच्या फाईलमध्येच सापडलं. तक्रारीच्या आदल्या आठवड्यात त्यांना, परवाना का अडवला असं विचारणारी, मटणवाल्याच्या वकिलाची नोटीस मिळाली होती. परवान्याचं विचारलं तेव्हा म्हणाले, “विचाराधीन आहे. त्यात आता पोलीस प्रकरण.”

तक्रारीत तथ्य नाही, असा अहवाल मी पाठवला. त्यावरून बोलणी खाल्ली. आमच्या घराण्यात कॉलेज शिकलेला पहिला मी. आपण लिहिलेलं वाक्य कुणी दटावलं म्हणून खोडायचं नाही, एवढा अभिमान मला होता.

पण परवाना देणं पोलिसांच्या हातात नसतं. वकिलानं उच्च न्यायालयात रिट दाखल केलं. तिथे खात्यानं धमकीचं कारण पुढे केलं, तेव्हा वकिलानं माझा अहवाल दाखवला. ‘परवाना द्या’ असं न्यायालय म्हणालं नाही. मुदतीत निर्णय घ्या आणि नाकारायचा असेल तर कारण लेखी द्या, एवढाच आदेश झाला. लिहिण्यासारखं कारण कुणापाशी नव्हतंच.

या प्रकरणानं मला शिकवलं ते हे: ‘नाही’ म्हणणाऱ्याशी माणूस भांडू शकतो, गप्प बसणाऱ्याशी नाही. त्याला बोलतं करायला न्यायालयच लागतं. ठाण्यात आलेल्या तक्रारीबरोबर, तक्रारदाराकडे कुणाचा कोणता अर्ज पडून आहे, हेही मी पुढे विचारू लागलो.

गाळा उघडला त्या रविवारी मी गेलो होतो.

“या सायेब, तुमाला कापतो.”

“कापा. पण आधी आबांना.”

त्याच्या डोक्यावर, भिंतीला, फ्रेम केलेला परवाना होता. दिवाळीला अजून आठ दिवस होते.