थोरल्या मामांनी न घेतलेलं पाणी

त्या दिवशी थोरल्या मामांची तारीख होती, म्हणून मी सकाळीच चार भाकरी जास्तीच्या थापल्या होत्या. आमचं घर हिंगोलीत, कोर्टाच्या मागच्या गल्लीत. तारीख असली की मामा आखाडा बाळापूरहून पहिल्या गाडीनं यायचे, दारात चपला काढता काढताच पिठलं टाकलं का म्हणून विचारायचे, पोटभर जेवायचे आणि मग टोपी झटकून कोर्टात जायचे. त्या दिवशी पिठलं गार झालं तरी त्यांचा पत्ता नाही. मला वाटलं, बरं झालं, म्हातारपणी का होईना अक्कल आली! दुपारी मामेभावाचा फोन आला… मामा पहाटेच गेले होते. गाडी गाठायची म्हणून उठले, तोंड धुतलं, खाटेवर टेकले ते पुन्हा उठलेच नाहीत. फोन ठेवला आणि सकाळच्या माझ्या त्या विचाराची मला इतकी लाज वाटली की सांगता सोय नाही.

मामांना जाऊन आता महिना होत आला. माणूस कसा होता म्हणाल तर लाखात एक. माझी पोरगी टायफॉइडनं पडली होती तेव्हा मामा तारीख सोडून तिच्या उशाशी बसून राहिले, तिला भुतांच्या खोट्या गोष्टी सांगून हसवत राहिले. त्यांनी चुकवलेली ती एकच तारीख. बाकी लग्न असो, मयत असो, पेरणी असो, कोर्ट चुकलं नाही. आणि कोर्टात समोर कोण? तर सख्खा धाकटा भाऊ. तेही माझे मामाच. माझी आई भाऊबीजेला सकाळी एकाला ओवाळायची आणि संध्याकाळी दुसऱ्याला, आणि मधल्या वेळात चुलीपुढं बसून रडायची.

भांडण आजोळच्या मळ्याचं. आजोबा गेले, वाटणीवरून दोघांत जुंपली आणि प्रकरण कोर्टात गेलं. कोर्टानं रान निम्मं निम्मं केलं. विहीर धाकट्या मामांच्या निम्म्यात गेली, पण पाणी मात्र दोघांचं ठेवलं. सोमवार ते बुधवार थोरल्यांची पाळी, पुढं शनिवारपर्यंत धाकट्यांची. मला विचाराल तर चांगला निकाल होता. पण मामांना पाणी नको होतं, विहीर हवी होती. मिसरूड फुटायच्या वयात आजोबांच्या जोडीनं त्यांनी ती खोदली होती, खडक फोडताना हाताची सालटं काढून घेतली होती. धाकटे मामा तेव्हा नांदेडला वसतिगृहात राहून शिकत होते. मी खंदली अन् त्याच्या बांधात कशी गेली, हा एकच प्रश्न मामा धरून बसले. परभणीला अपील केलं. तिथंही तोच निकाल कायम झाला.

तिथं संपायला हवं होतं. नाही संपलं. हिंगोली जिल्हा परभणीतून वेगळा झाला तेव्हा मामा पेढे घेऊन आले. त्या दिवसांत सगळेच खुशीत होते, मलाही त्यात काही वावगं वाटलं नाही. पेढा तोंडात घातल्यावर कळलं, यांची खुशी निराळीच. परभणीचा निकाल परभणीत राहिला, आता आपल्या जिल्ह्यात नव्यानं दावा लावायचा, असा त्यांचा हिशोब! मी कपाळाला हात लावला. त्यांच्या जुन्या वकिलांनीही हात जोडले. म्हणाले, बाबा, जिल्हा बदलला म्हणून जमीन बदलली का? एकदा निकाल लागला तो लागला, तेच भांडण पुन्हा उकरता येत नाही. मामांनी तिथल्या तिथं वकील बदलला. नवा दावा लागला आणि काही वर्षांनी, व्हायचं तेच झालं, फेटाळला गेला. मग मामीच्या नावानं तिसरा लागला. तिच्या अंगावरचे दागिने मोडून विहीर बांधली, असं त्यात लिहिलं होतं. मामीच्या अंगावर काळ्या मण्यांशिवाय काही होतं, हे आमच्यात कुणाला आठवत नाही. स्वतः मामीलाही नाही.

या सगळ्यात मामांनी पाळीचं पाणी मात्र एक दिवसही घेतलं नाही. बांधापलीकडं हळद, केळी डोलायची आणि अलीकडं मामांची ज्वारी गुडघ्याएवढी होऊन वाळायची. मामी बोअरवरून घागरी वाहून दोन वांगी जगवायची. एकदा जेवताना मी चिडून विचारलं, हक्काचं आहे तर घेत काहून नाही? मामा घास हातात धरून थांबले.

"पाणी घेतलं की निकाल कबूल केल्यासारखं हाय, शालू. मंग मी खंदली हे कोन म्हनंल?"

हे धाकट्या मामांनी एकदा म्हटलं असतं तर? दादा, विहीर तूच खोदलीस, एवढंच? मी त्यांना तसं सांगूनही पाहिलं होतं. ते म्हणाले, मला नोटिसा धाडतो, मी काहून म्हणू? दोघेही एकाच आईचे, दुसरं काय!

तेरावं झालं आणि मी मामीकडं राहिले. मनाशी ठरवूनच गेले होते. दावा आता मामीच्याच नावानं होता, तिनं काढून घेतला की संपलं. बांधावर बसून मी तिला समजावत होते, तेवढ्यात धाकटे मामा आले. भावाला खांदा दिला होता, डोकं भादरलेलं होतं. ते पलीकडंच थांबले आणि जमिनीकडं बघत बोलले.

"वैनी, आज मंगळवार हाय. तुमची पाळी. पोराला पाटावर उभं करा, मोटार मी चालू करतो."

मी त्यांच्या हळदीकडं पाहिलं. पानांनी माना टाकल्या होत्या. आज तुम्हीच का नाही भिजवलं, असं मी विचारलं. "दादाचे दिवस हायत ते," एवढंच म्हणाले. शेजारी उभ्या मामेभावानं हळूच सांगितलं, निकाल लागल्यापासून काकांनी या तीन दिवसांत कधी मोटार लावली नाही, ऊन कितीही असो. आणि मामांना हे ठाऊक होतं? होतं, म्हणाला. मामा म्हणायचे, कोर्टाला भिऊन राहिला तो.

भिऊन असेल, सवयीनं असेल. मला कळत नाही. मी मामीचा हात धरला, म्हटलं, घे आता.

मामी पदर तोंडाला लावून म्हणाली, "त्याईनं हयातीत घेतलं न्हाई. आता म्या घेतलं, तर मेल्यावर हरल्यावानी होईन त्याईचं." आणि मला विचारलं, "पुढची तारीख कवा हाय?"

धाकटे मामा मोटारीच्या खोलीला कुलूप घालून घराकडं निघून गेले. मंगळवार अजून सरला नव्हता.