साडेचार फूट माय

आमचा देवमन मुंबईत फिल्म कापते म्हटलं की लोक विचारत, शिंपी आहे का? काय सांगावं असल्या लोकायले! बार्शीटाकळीच्या टुरिंग टॉकीजवर तुटलेली फिल्म जोडता जोडता हा शिकला, अन् अठ्ठावन्न साली सरकारी माहितीपटाच्या कामावर लागला. ब्लेडनं खरडायचं, औषध लावायचं, दाबून धरायचं. बस, दोन तुकडे एक. पडद्यावर सांधा कोणाले दिसत नसे. मी त्याची मोठी बहीण, पण त्याच्या हाताले मनातून नमस्कार करत असे.

एकसष्टात अकोल्याच्या जिनात, सरकी काढायच्या कारखान्यात, कापसाचा माहितीपट काढाले मुंबईची माणसं आली. आमची माय, पंचफुला, अन् मी तिथंच कामाले होतो. कॅमेऱ्यात पाहू नका, असं त्यायनं दहादा बजावलं. माय ऐकते कवाची! कॅमेरावाल्याले काही विचारलं, अन् काम चालू झाल्यावर नेमकी मान वर करून पाहत राहिली.

त्याच पावसाळ्यात माय गेली. घरात तिचा एक फोटो नाही.

दिवाळीनंतर त्या फिल्मचे डबे देवमनच्याच टेबलावर आले, अन् माय त्याच्यासमोर उभी. तीन सेकंद. पण साहेबाचा नियम पक्का होता, कॅमेऱ्यात पाहणारं माणूस ठेवायचं नाही. हा बावळट साहेबाले एक शब्द बोलला नाही. आपल्याच हातानं मायले कापलं. तो साडेचार फुटाचा तुकडा केरात जायचा, तेवढा मागून घेतला.

बासष्टात तो माहितीपट आमच्या टॉकीजवर आला. देवमन सुटी काढून आला. मालक चंद्रभानजी जुने ओळखीचे. त्यायनं एका खेळापुरती परवानगी देली. देवमननं जागा हेरून तुकडा जोडला.

तंबूत जिनाची घरघर चालू होती. एकदम सगळं मुकं झालं, त्या तुकड्याले आवाजच नव्हता. अन् पडद्यावर माय, दोन पुरुष उंच, केसात कापूस, सरळ आमच्याकडे पाहून राहिली. बाप्पा! गेलेलं माणूस मी जितं पाहिलं. सांधा मले दिसला नाही.

खेळ सुटल्यावर त्यानं तुकडा काढून फिल्म पहिल्यासारखी केली. मंग म्हणाला, "काहून पाहिलं तिनं, अक्का? नसतं पाहिलं तं फिल्ममध्ये कायमची राहिली असती."

सांगावं की नाही, मले समजेना. पण सांगितलं.

"हे फिल्म मुंबईले जाते म्हणे. तं तिनं कॅमेरावाल्याले विचारलं, माह्या देवमनले दिसन का? तो हो म्हणाला, तवा तिनं मान वर केली."