घाटाच्या रकान्यातली खूण

माझ्या नवऱ्याची अशी समजूत आहे की लग्नाला तीस वर्षं झाल्यावर बायकोबद्दल माहीत नसलेलं काही उरत नाही. ती समजूत मी कधी मोडली नाही. आता जे लिहिते आहे ते त्याला ठाऊक नाही, मुलीला नाही, आणि ज्या डॉक्टरांकडे एकोणीस वर्षं काम केलं त्यांना तर नाहीच नाही. मग तुम्हाला का सांगते? तुम्ही मला ओळखत नाही म्हणून असेल. मी मुळात भित्री बाई आहे, ओळखीच्या माणसासमोर माझ्याच्यानं हे बोलवलं नसतं.

घाटकोपरला एका डोळ्यांच्या हॉस्पिटलात मी काउन्सेलर होते. नाव कशाला हवं? डॉक्टर पाच मिनिटांत अर्धं इंग्रजीत जे बोलून जायचे, ते पेशंटला आणि त्याच्या माणसांना मराठीत नीट समजावून सांगायचं, हे माझं काम. टेबलावर प्लास्टिकचा एक मोठा डोळा असायचा, फणसासारखा मधोमध उघडणारा. तो उघडला की लोक पुढे सरकून बसायचे. मला ते आवडायचं. खोटं का बोलू — मला समजावणं छान जमायचं आणि ते जमतं याचा मला चांगलाच ताठा होता.

आमच्याकडे एक शब्द रोजचा होता: टॅम्पोनेड. ऐकूनच माणूस घाबरायचा. मूळ अर्थ अगदी साधा आहे — बोळा. जखमेतून रक्त वाहायला लागलं की कापडाचा बोळा दाबून धरतात ना, तोच. डोळ्याच्या मागचा पडदा भिंतीपासून सुटला की डॉक्टर आतला चिकट द्रव काढून घेतात, पडदा जागेवर बसवतात आणि तो पुन्हा सुटू नये म्हणून डोळ्यात गॅसचा एक बुडबुडा भरतात. बुडबुडा पडद्याला आतून दाबून धरतो, पडदा चिकटतो आणि काही आठवड्यांनी गॅस आपोआप विरून जातो. हा दाबून धरणारा गॅस म्हणजे टॅम्पोनेड. बुडबुडा वरच्या दिशेला जातो, म्हणून पेशंटनं सुरुवातीचे काही दिवस मान खाली घालून राहायचं. मी सांगायचे, ओल्या भिंतीवर कागद चिकटवलाय आणि वाळेपर्यंत कुणीतरी तळहातानं दाबून उभं आहे असं समजा. ते तळहाताचं माझं मीच शोधलं होतं.

आणि गॅस आत असेपर्यंत विमानात बसायचं नाही. उंचावर गेलं की बाहेरच्या हवेचा दाब कमी होतो, आतला गॅस फुगतो आणि डोळ्यात फुगायला जागाच नसते. मग डोळ्याचा दाब इतका वाढतो की रक्त पोचवणारी शीरच दबून बंद पडते. डोळा जातो. कार्डावर हे इंग्रजीत छापलेलं असायचं — विमानप्रवास नको. पण आमच्याकडे येणाऱ्यांत विमानात बसणारे किती? आमचे डॉक्टर हुशार, त्यांना आपली माणसं माहीत होती. ही माणसं विमानात बसत नाहीत, पण गावी जातात. आणि निम्म्यांची गावं घाटावर. म्हणून त्यांनी माझ्या रजिस्टरमध्ये पेनानं एक जादा रकाना आखून दिला होता आणि वर लिहिलं होतं, 'घाट'. प्रत्येकाला आधी गाव विचारायचं, घाटाचं सांगायचं, मग रकान्यात खूण करायची आणि खाली घरच्या माणसाची सही घ्यायची.

त्यासाठीही माझं उदाहरण तयार होतं. तुम्ही घाट चढताना वेफर्सचं बंद पाकीट कसं टम्म फुगतं, ते पाहिलं असेल. मी ड्रॉवरमध्ये एक पाकीटच ठेवायचे दाखवायला. ते दाखवलं की कुणी विसरत नसे. हे पाकीट लक्षात ठेवा, मी त्याच्याकडे परत येणार आहे.

आता मास्तर. रघुनाथ मोरे. शाळेचे गणवेश शिवणाऱ्या एका कारखान्यात ते कटिंग मास्तर होते — कापडाचे वीस-वीस थर एकावर एक टाकून खडूच्या रेषेवरून मशीन फिरवायची, एक रेघ चुकली तर वीस शर्ट वाया. डावा डोळा लहानपणापासून नावापुरता. जे काही होतं ते उजव्या डोळ्यावर, आणि पडदा त्याच डोळ्याचा सुटला. बरोबर बायको, शालनताई. पेशंटपेक्षा जास्त घाबरलेली, आणि सगळं पाठ करणारी. कुठला थेंब सकाळी, कुठला दर चार तासांनी, डोकं कुठल्या कुशीला — मी सांगायचे, ती पुटपुटत म्हणायची, आणि पहिल्यापासून परत विचारायची.

ऑपरेशन उत्तम झालं. दुसऱ्या दिवशी शनिवार होता, त्यांना घरी सोडायचं होतं. त्या दिवशी पार्ल्याला साड्यांच्या प्रदर्शनाचा शेवटचा दिवस. माझी मैत्रीण खाली रिक्षा थांबवून उभी होती आणि फोनवर फोन करत होती. आणि शालनताई तिसऱ्यांदा विचारत होती, दोन थेंबांच्या मध्ये पाच मिनिटं की दहा? मला राग आला. हो, राग. इतका वेळ घालवल्यावर या बाईला अजून थेंबच कळत नाहीत, असं मनात आलं.

मी घाईनं म्हटलं, "आणि मास्तर, विमानात बसायचं नाही हं."

मास्तर मान खाली घातल्या घातल्या हसले. म्हणाले, "आमचं कसलं इमान ताई? आमची लाल गाडी. घाट चढून वर गेली की आलं गाव."

ऐकलंत ना? घाट हा शब्द त्यांनीच उच्चारला. माझ्या कानांनी मी तो ऐकला. त्या क्षणी काय करायला हवं होतं हे मला नेमकं माहीत होतं — हे मी विसरले नव्हते, हे नीट लक्षात घ्या. ड्रॉवर उघडायचा, पाकीट काढायचं, तीन मिनिटांचं काम. पण ते काढलं की शालनताईचे प्रश्न परत पहिल्यापासून सुरू होणार. मी हसले. म्हटलं, गावी आत्ता लगेच कोण जातंय, पुढच्या तपासणीला सांगू. रकान्यात खूण केली. रजिस्टर तिच्यासमोर सरकवलं आणि बोट ठेवलं तिथे तिनं सही केली, एकेक अक्षर जपून काढत.

मी मोरपिशी साडी घेतली. पुढे नेसलेही, भरपूर वेळा.

आठव्या दिवशी ती दोघं तपासणीला आली तेव्हा मी सुट्टीवर होते. पडदा छान चिकटला होता. डॉक्टरांनी रजिस्टर पाहिलं, घाटाच्या रकान्यात खूण होती. त्यांनी मान वर करायला, हिंडाफिरायला परवानगी दिली. त्याच आठवड्यात मास्तरांच्या गावची जत्रा. गाव महाबळेश्वरच्या बाजूला, पार वर. पालखीला पहिला खांदा मोऱ्यांचा, तो मान त्यांच्या घरी बापजाद्यांपासून. खांदा देणार नव्हते ते, नुसते पालखीला हात लावून येणार होते.

घाटात डोळा ठणकायला लागला. मग उलट्या. गाडीतल्या सगळ्यांना वाटलं, गाडी लागली. शालनताईनं लिंबू हुंगायला दिलं, डोकं मांडीवर घेतलं. गावी पोचल्यावर ते न जेवता झोपले. सकाळी त्यांनी विचारलं, अजून नीट उजाडलं नाही का?

दोघं तशीच हॉस्पिटलात परत आली. डॉक्टरांनी तपासलं, उजवा डोळा गेला होता. मग त्यांनी मला आत बोलावलं. मास्तर खुर्चीत, शालनताई मागे भिंतीला टेकून. डॉक्टरांनी एवढंच विचारलं, "यांना घाटाचं सांगितलं होतं ना?"

किती वेळ होता माझ्याकडे? एका श्वासाचा. नाही सर, राहून गेलं — चार शब्द. नोकरी गेली असती कदाचित. कदाचित गेलीही नसती.

मी म्हटलं, "सांगितलं होतं, सर." आणि बाहेर जाऊन रजिस्टर घेऊन आले. ते कुणी मागितलं नव्हतं. मी स्वतःहून आणलं, पान उघडलं, खूण दाखवली, खालची सही दाखवली.

शालनताईनं ती सही पाहिली. स्वतःचीच सही, पण अशी पाहिली, जणू कुणा परक्याची असावी. मग हळू म्हणाली, "सांगितलं आसंल ताईंनी. मीच इसरले आसंन."

मास्तरांनी तिच्या आवाजाच्या दिशेला तोंड वळवलं. डाव्या डोळ्यानं त्यांना ती सावलीसारखी दिसत असेल. मी रजिस्टर मिटलं.

माझा गुन्हा एवढाच असता तरी पुरे होता. पण पुढचंही सांगायला हवं.

त्यानंतर मी घाटाच्या बाबतीत काटेकोर झाले. एकही पेशंट पाकीट पाहिल्याशिवाय गेला नाही. आणि लोकांच्या मनावर ठसावं म्हणून मी एक गोष्ट सांगायला लागले — एक बाई होती, तिला सगळं समजावलं होतं, सहीसुद्धा केली होती, पण ती विसरली आणि नवऱ्याला घाटावर घेऊन गेली. चांगला झालेला डोळा गेला. लोक चुकचुकायचे. बायका एकमेकींकडे बघायच्या. ही गोष्ट मी किती जणांना सांगितली असेल? काही वर्षं, जवळजवळ रोज. डॉक्टरांनी एकदा सगळ्या स्टाफसमोर माझं कौतुक केलं, समजावावं तर यांनी. मी लाजले, आणि खरं सांगते, मला बरंही वाटलं.

एका दुपारी ती गोष्ट सांगून संपवली, पाकीट ड्रॉवरमध्ये टाकलं, आणि मागच्या बाकावर शालनताई दिसली. मास्तरांचा डावा डोळा दाखवायला आली होती. त्यांचं काम कधीच सुटलं होतं, तीच आता चार घरी पोळ्या करायची. बाकावर मास्तर तिच्या दंडाला धरून बसले होते. दोघांनी सगळं ऐकलं होतं.

पेशंट गेल्यावर ती टेबलाशी आली. मला वाटलं, आता. आता ही बोलणार.

ती म्हणाली, "चांगलं सांगताय ताई. सांगत जावा. माझ्यावानी कुणाचं व्हायला नको." मग थोडं घुटमळली. "त्या दिवशी गाडीत शेजारच्या बाईच्या हातात आसलंच पाकीट व्हतं. फुगल्यालं. मी बघितलं त्याच्याकडं. हे पाकिटाचं तवा सांगत नव्हता का तुमी?"

ती मला पकडत नव्हती हो. इतकी वर्षं ती स्वतःच्या डोक्यात तो शनिवार उलटापालटा करून शोधत होती, आपण नेमकं कुठे विसरलो ते. थेंबांची वेळ तिला अजून पाठ असणार. गॅसचं पाठ, कुशीचं पाठ. घाटाचं तेवढं सापडत नव्हतं. कुठून सापडणार?

मी म्हटलं, "नाही शालनताई. पाकिटाचं मला नंतर सुचलं."

तिच्या चेहऱ्यावरचा ताण जरा सैल झाला. "म्हनून," ती म्हणाली. "नुसतं घाट म्हनला आसाल. गेलं आसंल माझ्या डोस्क्यातनं." मागून मास्तर म्हणाले, "चल आता, झालं ते झालं." त्यांच्या आवाजात राग नव्हता. त्यांनी बायकोला माफ केलं होतं, असं मला त्या वेळी जाणवलं. जे तिनं केलंच नव्हतं त्याबद्दल. पण तिनं स्वतःला माफ केलं नव्हतं, हेही दिसत होतं, आणि मी दोन्ही पाहून पुढच्या पेशंटचं नाव पुकारलं.

मास्तर दोन वर्षांपूर्वी गेले. शालनताई आता मुलीकडे असते, बोरिवलीला. तिचा नंबर माझ्याकडे आहे. मी गेल्या वर्षी निवृत्त झाले, निरोपाच्या दिवशी शाल आणि नारळ मिळाला. माझ्या जागी एक मुलगी आली आहे, चुणचुणीत. तिला मीच तयार केलं. परवा डोळे तपासायला गेले तेव्हा बाहेर बसल्या बसल्या तिचा आवाज ऐकू आला — एक बाई होती, तिला सगळं समजावलं होतं, सहीसुद्धा केली होती. शब्द माझेच. मी आत जाऊन काही बोलले नाही. थेंब घालून घेतले आणि रिक्षानं घरी आले.

त्या शनिवारी मी घाटाचं सांगितलं नव्हतं. शालन मोरे काहीही विसरली नव्हती.