पाठीवरच्या गाठी

पेशवाईत मी पुण्याला जासूद होतो. सरकारी पत्रं घेऊन पायी धावायचं, हे आमचं काम. जासूद जोडीनं जात. माझे जोडीदार माझ्याहून वीस वर्षांनी मोठे. मी त्यांना काका म्हणायचो.

पहिल्याच खेपेला माझ्या गाठोड्याला बाहेरून बांधलेला लोटा वाघोलीपर्यंत खणखणत होता. काका म्हणाले, "आपण पत्र घेऊन निघालोय. कल्हई करायला नाही."

परत आल्यावर मी बाजारात बैल लादणाऱ्या एका म्हाताऱ्याकडे चार दिवस बसलो. त्यानं शिकवलं, जड वस्तू पाठीच्या कण्यालगत, लोंबतं काही नको, आणि गाठ अशी की शेवट ओढला की सुटली पाहिजे. तेव्हापासून पत्राची थैली मेणकापडात गुंडाळून गाठोड्यात आणि घोंगडी आणि तिच्यात गुंडाळलेला लोटा बाहेर, एकाच दोरीनं घट्ट आवळलेले. माझी गाठ आपणहून कधी सुटली नाही.

एका श्रावणात नगरकडे निघालो तर भीमा दुथडी भरलेली. नावाडी नाव सोडायला तयार नव्हता. पत्र तातडीचं. आम्ही वहाणा काढून घोंगडीच्या दोरीत अडकवल्या, तरंगायला कमरेला सुके भोपळे बांधले आणि पाण्यात उतरलो. काका पुढे निघाले.

मध्यावर वाहत आलेल्या बाभळीची फांदी माझ्या घोंगडीत अडकली आणि मला ओढू लागली. दोनदा नाकातोंडात पाणी गेलं. घाबरलो, खोटं कशाला सांगू? पण गाठीचा शेवट कुठे आहे हे हाताला ठाऊक होतं. हात मागे नेऊन तो ओढला. घोंगडी, लोटा, वहाणा सगळं बाभळीबरोबर गेलं. गाठोडं पाठीवरच राहिलं.

काठावर काकांनी मला दंडाला धरून वर घेतलं.

"काय काय गेलं?"

"पत्र सोडून सगळं."

त्यांनी थैली उघडून पाहिली. कोरडी होती. मग स्वतःचं उपरणं फाडलं आणि माझ्या पायांना गुंडाळलं. "पुढच्या खेपेला माझंही गाठोडं तूच बांध," एवढंच म्हणाले.

वाटेत चिंध्या झिजून गेल्या. दुसऱ्या दिवशी दुपारी नगरच्या छावणीत पोचलो तेव्हा टाचा फुटल्या होत्या. कारकुनानं पत्र घेतलं, माझ्या पायांकडे पाहिलं आणि आत जाऊन आधी कढत पाणी मागवलं.