श्रॉपशायरचा पूल आणि नागपूरचा पाठिंबा

इंग्लंडमधल्या श्रॉपशायर परगण्यात मी आजवर पाऊल ठेवलेलं नाही. तरीही तिथल्या एका दगडी पुलापायी आठवडाभर माझ्या घशाखाली घास उतरला नाही आणि सासऱ्यांशी बोलताना आयुष्यात पहिल्यांदा माझा आवाज चढला. (लगेच उतरला. सासरे आहेत ते.)

त्याचं असं झालं, जर्मनीत ब्योब्लिंगेनला येऊन चार वर्षं झाली तरी टर्मिन, म्हणजे आगाऊ वेळ, घेतल्याशिवाय मला कुणी कशातच सामील करून घेतलं नव्हतं. एकदा ऑनलाइन विश्वकोश चाळताना श्रॉपशायरच्या एका लेखात एकाच स्टेशनाच्या उद्घाटनाची दोन वेगवेगळी वर्षं दिसली. मी पुरावा शोधून एक खोडलं. दुसऱ्या दिवशी मार्गारेटबाईंचा निरोप आला. 'धन्यवाद. आम्ही काही हौशी मंडळी मिळून या परगण्यावरचे लेख सुधारतो. याल का आमच्यात?' मार्गारेटबाई तिकडच्या निवृत्त ग्रंथपाल. मी इतका हरखलो की आधी हो म्हटलं आणि श्रॉपशायर कुठे आहे ते मग नकाशात पाहिलं.

गटात कुणी चर्चं घेतली होती, कुणी कालवे. माझ्या वाट्याला पूल आला. दिवसभर ऑफिसात गाड्यांच्या ब्रेकची चाचणी आणि संध्याकाळी पूल, असे तीन महिने गेले. बायको स्नेहल म्हणायची, "निखिल, केलर आवरायचाय. तळघरात पाय ठेवायला जागा नाही." मी "गेनाऊ" (म्हणजे 'अगदी बरोबर') म्हणायचो आणि तिसऱ्या कमानीकडे वळायचो.

अखेर मार्गारेटबाईंनी माझा लेख 'उत्तम लेख' या दर्जासाठी पुढे केला. गटाचा हा पहिलाच प्रयत्न, त्यामुळे सगळ्यांची अब्रू माझ्या पुलावर उभी. पद्धत अशी की लेख चर्चेला ठेवायचा, कुणीही येऊन चांगलं म्हणावं किंवा चुका दाखवाव्यात, मग जाणती मंडळी निर्णय देणार. चार दिवस झाले तरी तिथे चिटपाखरू फिरकलं नाही. मी ऑफिसात, बसमध्ये आणि (सांगायला लाज वाटते) दंतवैद्याच्या खुर्चीत फोन उघडून बघत होतो. कुणी काही बोललंच नाही तर लेख आपोआप बाद, आणि मग मार्गारेटबाईंना कुठल्या तोंडाने निरोप लिहायचा?

नेमके तेव्हा सासरे नागपूरहून तीन महिन्यांसाठी आले होते. जन्मभर सरकारी जमीन मोजणीच्या खात्यात काढलेला माणूस. बोलणं मोजकं, नजर फुटपट्टीची.

"जावईबापू, तुमी बरोबर जेवून नाही राहिले," ते म्हणाले. "नोकरीत काही झालं का?"

मी सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकलं.

"म्हंजे मतदान आहे."

"मतदान नाही बाबा, चर्चा आहे."

"आन् पाठिंबा दिला तर मोजतात?"

"तसं बघतात, पण..."

"मंग मतदानच झालं नं." एवढं बोलून त्यांनी वरणाची वाटी माझ्याकडे सरकवली.

त्या 'पण'च्या पुढे मी एक वाक्य बोलायला हवं होतं. आपली माणसं गोळा करून आणायची नाहीत, हा तिथला सगळ्यात कडक नियम. मी बोललो नाही. त्यांच्याकडे जावई कशासाठीही उभा राहिला की अख्खं घर पाठीशी उभं राहतं, हे मी स्वतःच्या लग्नात पाहिलं होतं. तरी बोललो नाही.

दुसऱ्या दिवशी अकराच्या कॉफीला फोन उघडला तर चर्चेच्या पानावर अकरा नव्या नोंदी. क्षणभर छाती फुगली. मग मी वाचायला लागलो.

'व्हेरी व्हेरी नाइस ब्रिज. कीप इट अप.' हे मोठे मामा. 'प्राउड ऑफ यू जावईबापू, जय भीम.' हे उमरेडचे काका. एका मावशींनी पुष्पगुच्छाचं चित्र लावलं होतं. एका चुलत मेव्हण्याने मला वाढदिवसाच्या शुभेच्छा दिल्या होत्या. (घरच्या ग्रुपवर मजकूर आला की न वाचता शुभेच्छा द्यायची त्याची जुनी सवय.) सगळी खाती दोन तासांत उघडलेली. सगळ्यात खाली बाबांचा लांबलचक मजकूर होता. 'रिस्पेक्टेड सर' एवढं वाचलं आणि पुढे वाचायची माझी हिंमत झाली नाही.

त्याखाली मार्गारेटबाईंची एक ओळ होती. 'निखिल, याचं काहीतरी साधं स्पष्टीकरण असेलच.' इंग्रज माणूस एवढं सभ्य बोलला की समजावं, आपलं काही खरं नाही. त्याच्याही खाली एका अनोळखी तपासनिसाने चौकशी उघडली होती. आरोप असा की ही अकराही खाती मीच चालवतो, स्वतःच स्वतःला शाबासकी देतो, आणि त्यातलं एक खातं तर माझ्याच घरच्या वायफायवरून उघडलेलं आहे. आरोप सिद्ध झाला तर मी कायमचा हद्दपार. मार्गारेटबाईंच्या नजरेत तर भामटाच ठरणार होतो. या देशात येऊन मिळालेली ती एकच हक्काची जागा होती, आणि तीही जात होती.

पोटात दुखतंय असं साहेबांना सांगून मी घर गाठलं. (ते खोटं नव्हतं.) बाबा खिडकीशी बसून चहा पीत होते.

"बाबा, हे काय केलंत तुम्ही!" मी म्हणालो. आवाज चढला तो हाच.

स्नेहल स्वयंपाकघरातून आली. "हळू बोल. त्यांना बीपी आहे."

"मलाही झालंय," मी म्हणालो, आणि खाली बसून सगळं समजावलं.

बाबांनी कप ठेवला. चेहरा उतरला होता त्यांचा. "म्हंजे आमच्यापायी तुमचं नाव खराब झालं. काही हरकत नाही. आपण अर्ज करू. अकराही जणांचे आधार कार्ड जोडू, वरून साक्षांकित करू."

"नको बाबा. कुणी काही जोडू नका. सगळ्यांना फक्त सांगा, आता तिथे काही लिहू नका."

त्यांनी ताबडतोब ग्रुपवर कळवलं. पण आमच्या माणसांना नुसतं गप्प बसणं हा जावयाचा अपमान वाटतो. दहा मिनिटांत दहा जणांनी परत जाऊन लिहिलं, 'जावईबापूंच्या आदेशावरून माझा पाठिंबा रद्द करावा.' मावशींनी पुष्पगुच्छही काढून घेतला.

तपासनिसाने खाली नोंद केली: 'सर्व खाती एकाच व्यक्तीच्या हुकमावर चालतात, हे आता त्यांनीच लिहून दिले आहे.'

मी पलंगावर आडवा झालो. स्नेहलने कपाळाला हात लावून ताप बघितला. "अरे, एका पुलासाठी एवढं?" "पुलासाठी नाही गं," मी म्हणालो, "त्या लोकांनी मला आपणहून बोलावलं होतं." ती शेजारी येऊन बसली. बाबा दारात उभे होते.

पुढचे तीन दिवस मी चौकशीचं पान उघडायला भीत होतो, आणि उघडल्याशिवाय राहतही नव्हतो. चौथ्या दिवशी निकाल आला. मी तो स्नेहलच्या हातात दिला.

"मोठ्याने वाच. पण हळू."

ती वाचू लागली. "'दहा खाती ही उत्साही नातेवाइकांची दिसतात. त्यांना समज देऊन सोडत आहोत. अकरावं खातं लेखकाच्याच घरातलं असलं तरी ते लेखकाचं असणं अशक्य आहे.'"

"अशक्य? का?"

"'या खात्याने पाठिंबा दिलेला नसून एकोणीस मुद्द्यांची हरकत नोंदवली आहे. नदीचा उजवा काठ प्रवाहाच्या दिशेने तोंड करून ठरवतात. लेखकाने तो फोटोकडे तोंड करून ठरवला. त्यामुळे पाणचक्की, चर्च आणि निम्मं गाव चुकीच्या काठावर गेलं आहे. ज्याला नकाशा इतका चांगला वाचता येतो त्याने हा लेख लिहिलेला असू शकत नाही.'"

मी बाबांकडे पाहिलं. ते जमिनीकडे बघत होते.

"न वाचता सही कदी केली नाही जी आपण," ते हळूच म्हणाले. "तीस वर्षांची सवय. वाचलं तं चुका दिसल्या."

"मग मला का नाही सांगितलंत? समोरच तर बसलो होतो."

"जावयाच्या चुका तोंडावर कशा काढाव?" बाबा म्हणाले. "म्हणून तिथं लिहिल्या."

मी हद्दपार झालो नाही. लेख मात्र एकोणीस मुद्द्यांवर नापास झाला. संध्याकाळी मार्गारेटबाईंचा निरोप आला. तुमच्या सासऱ्यांनी आमच्या परगण्यातले सगळे पूल हाती घ्यावेत अशी गटाची नम्र विनंती आहे, त्यांचं टायपिंग तुम्ही कराल का?

करतो. बाबा आता नागपूरहून हाताने लिहिलेल्या कागदांचे फोटो पाठवतात आणि मी ऑफिसातून आल्यावर ते टाइप करतो. गटातून माझं नाव कुणी काढलेलं नाही. सभासदांच्या यादीत ते आजही आहे, बाबांच्या नावाखाली, पुढे कंसात 'यांचे जावई' असं लिहून.