समोरून लावलेली आग

राज्यांची फेररचना झाली आणि बेळगावकडचं आमचं गाव बंगळूरच्या कारभारात गेलं. घरात मराठी, शाळेत थोडी कन्नड आणि हाताला काम नाही, अशा अवस्थेत मी बंगळुरात मल्लेश्वरमला मावशीकडे येऊन राहिलो. तिचे यजमान सरकारी कारखान्यात इंजिनियर होते. त्यांनी माझ्यासाठी एकदोन ठिकाणी शब्द टाकला, पण मी मॅट्रिकला गणितात आपटलेला. शेवटी कळलं की जंगलखात्यात वणवे विझवायला माणसं घेताहेत, अंगाने धडधाकट असलं की झालं. मावशीला ते पसंत नव्हतं. मलाही नव्हतं. पण तिच्या घरी बसून जेवणं त्याहून जड झालं होतं.

शिबीर शहराबाहेर हेब्बाळच्या पलीकडे, तिथल्या तळ्यापासून बरंच लांब, एका उजाड माळावर होतं. शिकवायला फौजेतून निवृत्त झालेला एक तमिळ माणूस होता. तो हसल्याचं मी कधी पाहिलं नाही. पहाटे पळायचं, मग पाण्याने भरलेले डबे खांद्यावर घेऊन तेच अंतर पुन्हा पळायचं. दुपारी गवताच्या गंज्या पेटवून तो आम्हाला हिरव्या फांद्या देऊन पुढे ढकलायचा. फांदी कशी मारायची याचंही शिक्षण असतं. जोरात आपटली की ठिणग्या उडून मागे पडतात, म्हणून दाबत मारायची. पहिल्या महिन्यात माझ्या भुवया गेल्या. रविवारी मावशीकडे गेलो तर ती दारातच थांबली आणि आधी अंघोळ कर म्हणाली.

तिथेच मला अण्णा भेटला. तो माझ्यापेक्षा सहासात वर्षांनी मोठा, धनगराच्या घरातला. बंगळूरच्या दक्षिणेला, आज जिथे जे. पी. नगर आहे त्याच्याही बऱ्याच पुढे, तेव्हा नाचणीची शेतं संपून टेकड्या सुरू व्हायच्या. त्या टेकड्यांच्या पायथ्याशी त्याचं गाव. घरी आई आणि धाकटा भाऊ. मेंढरांवर दोघा भावांचे संसार उभे राहणार नाहीत म्हणून हा इकडे आला होता. आमच्यातले बाकीचे माझ्या कन्नडला हसायचे. अण्णा हसायचा नाही. मी अडखळलो की तो थांबून राहायचा, शब्द सापडेपर्यंत.

एकदा तो सहज बोलून गेला की लहानपणी उन्हाळ्यात गवत पेटवायला तोही जायचा. जुनं गवत जळलं की पहिल्या सरीनंतर कोवळं फुटतं आणि मेंढ्या ते खातात. गावातले सगळेच तसं करतात. मी विचारलं, मग आता? तो म्हणाला, आता पगार विझवण्याचा आहे.

शिक्षण संपल्यावर आम्हा दोघांना त्याच टेकड्यांवर नेमलं. थंडीत आम्ही जाळरेषा काढल्या, म्हणजे डोंगराच्या अंगावर लांबलचक पट्टा कापून, त्यातलं गवत जाळून जमीन उघडी करायची, की वणवा आला तर तिथे अडेल. ते काम मला आवडलं, हे खरं सांगतो. संध्याकाळी खाली उतरताना मागे वळून पाहिलं की तो काळा पट्टा दिसायचा आणि वाटायचं, आपण काहीतरी केलं.

उन्हाळा लागल्यावर ते वाटणं टिकलं नाही. एक उतार विझवून यावं तर आठवड्यात दुसरा पेटायचा. कायद्याने गावकऱ्यांना विझवायला यावं लागे. त्यांच्यातल्याच कुणीतरी पेटवलेलं असायचं आणि तेच आमच्या शेजारी उभे राहून फांद्या मारायचे. कोणी कोणाला काही विचारत नसे. अंगाचा धुराचा वास तर जातच नव्हता. मावशीकडे जाणं मी बंद केलं.

मार्चमध्ये एका दुपारी दरीच्या बाजूने मोठा वणवा वर चढू लागला. आम्ही जाळरेषेवर उभे होतो. आमच्या मागे खात्याने लावलेलं कोवळं चंदनाचं रान होतं आणि पुढे कंबरभर वाळक्या गवताचा उतार. वारा वाढत होता आणि पट्टा एवढा रुंद नव्हता की ती आग अडेल. अशा वेळी एकच उपाय शिकवलेला होता. पट्ट्याच्या कडेने आपणच समोरून आग लावायची. ती उताराने खाली जाते, मधलं गवत आधीच जळून जातं आणि वणव्याला खायला काही उरत नाही.

आमच्या तुकडीवरच्या फॉरेस्टरने पलिता तयार करायला सांगितला. मी चिंध्या रॉकेलमध्ये बुडवत होतो तेव्हा अण्णा त्याच्यापुढे जाऊन उभा राहिला.

"स्वामी, स्वल्प थांबा. माझा भाऊ मेंढ्या घेऊन खाली असेल."

"दिसतोय?"

"नाही. पण या दिवसांत तो याच उतारावर असतो."

फॉरेस्टर वाईट माणूस नव्हता. त्याने शिट्टी वाजवली, आम्हाला हाका मारायला लावल्या. आम्ही घसे फुटेपर्यंत ओरडलो. खालून धूर तेवढा येत होता. आगीचा आवाज आता चांगला ऐकू येऊ लागला होता. फॉरेस्टरने एकदा मागच्या रानाकडे पाहिलं आणि मला म्हणाला, "लाव."

मी पलिता पेटवला होता, तो हातात तसाच जळत होता. अण्णाने तो माझ्या हातातून घेतला आणि पट्ट्याच्या कडेने चालत, शिकवलं होतं तसं, वाऱ्याकडे लक्ष ठेवून, गवत पेटवत गेला. कुठेही चुकला नाही. आग खाली गेली, वणव्याला मिळाली आणि दोन्ही विझल्या. चंदनाच्या रानाचं एक पानही करपलं नाही.

भाऊ जिवंत सापडला. खडकांच्या घळीतून तो कसाबसा बाहेर पडला होता, पायांचे तळवे भाजले होते. मेंढ्या आल्या नव्हत्या. धुरात मेंढ्या पळत नाहीत, एकमेकींत माना घालून उभ्या राहतात. दोन आगींच्या मध्ये त्या तशाच उभ्या राहिल्या होत्या. आम्ही तिथे गेलो तेव्हा अण्णाने प्रत्येकीजवळ वाकून पाहिलं. मी त्याच्यासोबत वाकून पाहू शकलो नाही.

त्याच्या घरी मी बरोबर गेलो. आई अंगणात बसली होती. आत भाऊ कण्हत होता. तिने मला बसायला पोतं दिलं, पाणी दिलं. अण्णा उभाच होता.

"तो खाली आहे हे तुला माहीत होतं?" तिने विचारलं.

"होतं, अव्वा."

ती उठून आत गेली आणि दार लोटून घेतलं. आम्ही बराच वेळ तिथे थांबलो. मग अण्णाच म्हणाला, चल.

परतताना मी त्याला विचारलं की माझ्या हातातून पलिता का घेतलास. तो पुढे चालत होता. मागे न वळता म्हणाला, "तू लावली असतीस तर मला जन्मभर तुझा राग आला असता."

त्यानंतर तो घरी गेला नाही, किंवा गेला असेल तर मला बोलला नाही. सणासुदीला बाकीचे रजा मागत तेव्हा तो त्यांच्या जागी राहायचा. थंडीत पट्टे कापायचा, उन्हाळ्यात आगीवर जायचा. आमच्या तुकडीत त्याच्याइतकं नीट काम कोणी करत नव्हतं, आणि साहेब लोक नव्या पोरांना त्याच्याकडे पाहून शिका म्हणायचे. दोनतीन वर्षांत त्या चंदनाच्या रानावर रोग पडला. पानं बारीक होत गेली, झाडं वाळली, आणि खात्याने ती मुळासकट काढून टाकायला लावली. ते कामही आम्हीच केलं. अण्णा खणत होता. मी त्याच्या तोंडाकडे पाहायचं टाळलं.

अण्णाचा भाऊ एकदा मल्लेश्वरममध्ये दिसला. नव्या बंगल्यांची बांधकामं चालली होती, तिथे दगड वाहत होता, जरा लंगडत. त्याने मला ओळखलं. भावाबद्दल विचारेल म्हणून मी थांबलो. पण पाटी डोक्यावर तोलत तो निघून गेला.

मी कचेरीत बदली मागितली. अर्जात तब्येतीचं कारण लिहिलं, आणि ते खोटंही नव्हतं. झोप लागत नव्हती, खोकला कायमचा झाला होता. हुकूम आला त्या दिवशी अण्णाने माझी वळकटी थांब्यापर्यंत आणून दिली. बसला उशीर होता. आम्ही चिंचेखाली बसून राहिलो. मी पत्ता देतो म्हणालो, तो सरी, म्हणजे बरं, म्हणाला, आणि मी तो दिला नाही. थोड्या वेळाने पलीकडच्या टेकडीवर धूर दिसू लागला. तो उठला, धोतर झटकलं आणि त्या बाजूला चालू लागला.